दीर्घिका दाखवायचा धंदा

संध्याकाळ झाली की मला घरात बसवत नाही. चहाचा कप हातात असतो आणि पाय गच्चीच्या जिन्याकडे वळलेले असतात. पश्चिमेला ढग आहेत का, वारा कुठला आहे, समोरच्या टेकडीवरचा टॉवर स्वच्छ दिसतोय की धुरकट, हे बघून झाल्याशिवाय चहा घशाखाली उतरत नाही. आज कार्यक्रम नसला तरी हे असंच. बायको म्हणते, "बसा की जरा. आकाश कुठे पळून चाललंय?" बसतो. पाच मिनिटांनी पुन्हा वर जातो. आकाश पळून जातं, हे तिला मी अजून पटवू शकलेलो नाही.

माझा धंदा लोकांना आकाश दाखवण्याचा. घर पेणला, आणि कामाचा मुलूख पेणपासून रोह्यापर्यंत, पुढे कोलाडपर्यंत. आधी मी रोह्याजवळच्या एका केमिकल कंपनीत इन्स्ट्रुमेंट मेकॅनिक होतो. प्रेशर गेज, थर्मामीटर, कंट्रोल व्हॉल्व्ह यांची नाडी बघायची आणि शिफ्ट संपली की घरी यायचं. कंपनी बंद पडली तेव्हा माझ्याकडे हौसेनं घेतलेली एक बारा इंची दुर्बीण होती आणि बारीक काम करायची सवय होती. बारा इंची म्हणजे आतला आरसा बारा इंच रुंद. नळी उभी केली तर माझ्या खांद्याला लागते. लाकडी पेटीत बसवलेली ही नळी हातानंच फिरवायची. गावागावांत तिला तोफ म्हणतात. वडखळच्या नाक्यावर एका हवालदारानं जीप थांबवून खरोखरच विचारलं होतं, "ही कशावर चालते?" मी म्हटलं, "अंधारावर." त्यानं मला खाली उतरवून अख्खी जीप तपासली. तेव्हापासून नाक्यावर विनोद करत नाही.

या धंद्यात गिऱ्हाईक खूश करणं सोपं आहे. चंद्र दाखवा, शनीची कडी दाखवा, लोक नळीला हात जोडतात. शाळेतली पोरं शनी बघून भिंगावर स्टिकर चिकटवलाय का ते तपासतात. हे दोघे, म्हणजे चंद्र आणि शनी, माझ्या घरचा किराणा भरतात.

पण माझा जीव दीर्घिकांत अडकलेला. आपला सूर्य ज्या ताऱ्यांच्या गावात राहतो ती आकाशगंगा. तशी दुसरी गावं म्हणजे दीर्घिका. त्यांतलं आपल्या शेजारचं मोठं गाव देवयानीचं. तिथून निघालेला उजेड आपल्या डोळ्यांत शिरेपर्यंत पंचवीस लाख वर्षं जातात, आणि ही शेजारीण म्हणायची. हजारेक वर्षांपूर्वी एका इराणी ज्योतिर्विदानं नुसत्या डोळ्यांनी तिला पाहिलं आणि लहानसा ढग म्हणून नोंदवलं. पुढे धूमकेतू शोधणाऱ्या एका फ्रेंच माणसाला असे ढग फार फसवायला लागले. धूमकेतू वाटावा आणि निघावा हाच. वैतागून त्यानं या फसव्या डागांची यादीच केली. आज जगभरचे हौशी लोक त्या यादीतले डाग एकेक करून शोधत हिंडतात, त्याचे धूमकेतू मात्र कुणाला आठवत नाहीत. ते डाग आपल्याच आकाशगंगेत आहेत की फार लांब, यावर मोठमोठे लोक भांडले. त्यांतले काही स्वतंत्र गावं आहेत हे पक्कं व्हायला शंभर वर्षांपूर्वीपर्यंत थांबावं लागलं.

हे सगळं मी लोकांना रंगवून सांगतो. मग ते भिंगाला डोळा लावतात आणि म्हणतात, "कुठे काय?"

त्यांचाही दोष नाही. मोबाईलवर दीर्घिकेचे जांभळे-गुलाबी फोटो बघून आलेले असतात. दुर्बिणीतून दिसतो तो राखाडी डाग, आरशावर फुंकर मारल्यावर उमटतो तेवढाच. कोलाडला राफ्टिंगला आलेल्या एकानं मला विचारलं होतं, "काका, फोकस बिघडलाय का?" मी म्हटलं, "नाही, विश्वच तसं आहे." तो हसला नाही.

दीर्घिका दिसायला तीन गोष्टी लागतात. पहिली, अंधार. दुसरी, धीर. उजेडातून आलेल्या डोळ्याला अंधाराची सवय व्हायला चांगला अर्धा तास जातो, आणि कुणी मोबाईल उघडला की सगळी कमाई पाण्यात. म्हणून माझ्या टॉर्चला लाल जिलेटिनचा कागद लावलेला असतो. तिसरी गोष्ट जरा विचित्र आहे. दीर्घिकेकडे थेट बघायचं नाही. डोळ्याच्या पडद्याचा मधला भाग वाचायला, सुईत दोरा ओवायला उत्तम, पण मंद उजेडात तो निकामी. कडेचा भाग अंधारात तरबेज. म्हणून नजर थोडी बाजूला ठेवायची, म्हणजे डाग हळूच उजळतो. थेट बघितलं की पुन्हा विरतो. हे वाक्य मी हजारो लोकांना सांगितलं असेल. सांगून सांगून ते माझ्या तोंडात गुळगुळीत झालं होतं.

त्या वर्षी दिवाळी आटोपली आणि एका बाईंचा फोन आला. आवाज वयस्कर, पण वर्गात शेवटच्या बाकापर्यंत पोचेल असा.

"दुर्बीणवाले का? मी रोह्याहून हन्ना टीचर बोलतेय. मला दीर्घिका बघायची आहे. देवयानी."

"या की. किती जण आहात?"

"मी एकटीच. आणि आधीच सांगते, मला दिसत नाही."

मला वाटलं, माझ्याच ऐकण्यात चूक झाली.

रोह्याच्या अष्टमी भागात त्यांच्या घरी गेलो तेव्हा उलगडा झाला. हन्ना टीचर बेने इस्राएल, म्हणजे आमच्या कोकणातले मराठी बोलणारे ज्यू. एके काळी त्यांची घरं या बाजूला पुष्कळ होती. एकेक करून सगळे इस्राएलला गेले. टीचर मागे राहिल्या. लग्न केलं नाही, आयुष्यभर शाळेत भूगोल शिकवला. पंचाहत्तरी उलटलेल्या. शेजारची सून सुषमा त्यांचं हवं-नको बघायची. दोन्ही डोळ्यांच्या पडद्यांचा मधला भाग गेला होता आणि डॉक्टरांनी तो परत येणार नाही असं सांगितलं होतं.

"तुझ्याकडे बघितलं की तुझं नाक-तोंड गायब होतं," त्या म्हणाल्या. "कान दिसतात, खांदे दिसतात. मधे धुकं. म्हणून मी माणसांशी बोलताना दुसरीकडे बघते. लोकांना वाटतं, म्हातारीला गर्व झालाय."

"टीचर, मग चंद्र बघू या का? मोठा आहे, लखलखीत आहे."

"चंद्र मी पुष्कळ बघितला. मी पोरांना दरवर्षी शिकवलं, आपल्या शेजारची दीर्घिका देवयानी. परीक्षेत विचारलं. चुकलं तर मार्क कापले. आणि मी स्वतः ती कधी बघितली नाही. इस्राएलहून भाऊ कधीपासून बोलावतोय, आता त्यानं कागदपत्रंच केलीत. उन्हाळ्याच्या आत मी जाणार. त्याआधी बघायची आहे. आणि पडद्याचं धुकं रोज थोडं पसरतंय, तेव्हा घाई कर."

घाई कर, हे मला सांगायची गरज नसते. पण खरं सांगायचं तर मला ते काम नको होतं. ज्यांना धडधाकट डोळे आहेत त्यांनाही जो डाग दिसत नाही तो या बाईंना कुठून दिसणार? त्या खोटंच 'दिसलं' म्हणतील आणि मी खोटंच 'वा' म्हणेन, असं काहीतरी होणार याचा मला वीट आला होता. तरी हो म्हणून बसलो.

माझी ठरलेली जागा नागोठण्याच्या पुढे, रस्त्यापासून आत, बाळाराम पाटलाचं शेत. तीन बाजूंनी झाडी, चौथ्या बाजूला बांध. कित्येक वर्षं मी तिथेच दुर्बीण लावत आलो. अमावास्येच्या सुमाराला टीचरना आणि सुषमाला जीपमध्ये घालून तिथे पोचलो, आणि वळणावरच पाय ब्रेकवर गेला. शेताशेजारी मालाचं गोदाम उभं राहिलं होतं. चार कोपऱ्यांना चार उंच खांब, प्रत्येकावर दिव्यांचा घोस. शेतातलं गवताचं पातंन् पातं मोजता आलं असतं.

बाळाराम बांधावर उभा होता. मला बघून त्यालाच ओशाळल्यासारखं झालं.

"काका, माजी पन जमीन दिली हाय त्यान्ला. भाड्यानं."

"अरे, मला सांगायचंस तरी."

"सांगून काय करनार होतास? काळोखाचं भाडं कोन देतंय? त्यो देतो."

मी गोदामाच्या फाटकावर गेलो, मॅनेजरला भेटलो. तरुण, सभ्य माणूस होता. "कॅमेऱ्यांना उजेड लागतो, काका," एवढंच म्हणाला. मी परत फिरलो आणि तिथून जीप जी काढली ती भिसे खिंडीपर्यंत. खिंडीत ट्रकचे दिवे. पुन्हा मागे. एका आडरस्त्याला शिरलो, तिथे लग्नाच्या हॉलची रोषणाई. अजून एका, तिथे कुत्री अंगावर आली. मागून सुषमा म्हणाली, "भाऊ, टीचरच्या पोटात ढवळतंय. किती वळणं घेताय." आरशात बघितलं तर टीचर खिडकीबाहेर तोंड करून बसल्या होत्या. मी त्यांना घरी सोडलं.

दुसऱ्या खेपेला ढग आले. अवेळी पाऊस पडला, दुर्बीण जीपमधून खाली उतरलीच नाही. त्यानंतर चंद्र मोठा होत गेला आणि पंधरा दिवस हातचे गेले. मी घरात येरझाऱ्या घालत होतो. टीचर मात्र फोनवर शांत. "आजही नाही ना? बरं. उद्या विचारते." त्या शांतपणानं मला जास्तच टोचणी लागायची.

पुढच्या अमावास्येला कोलाडच्या एका कॅम्पवर माझं काम होतं. मुंबईच्या एका कंपनीचा ग्रुप, दहा-बारा जण. कॅम्पवाल्याला विचारून मी टीचरनाही बरोबर घेतलं. जागा नदीच्या वरच्या अंगाला, बऱ्यापैकी काळोखी. उत्तरेकडे रोह्याच्या कारखान्यांचा तांबूस उजेड होता, पण देवयानी डोक्यावर होती. जेवणाआधी सगळे दुर्बिणीपाशी जमले.

आधी शनी. मग देवयानी. रांग पुढे सरकत होती. "हां, काहीतरी पांढरं आहे." "डाग आहे." "ओके." एवढंच. मी माझं पाठ केलेलं पंचवीस लाख वर्षांचं सांगत होतो. शेवटी सुषमानं टीचरना हाताला धरून आणलं. मी स्टूल दिलं, त्यांचा चेहरा भिंगापाशी नेला आणि सवयीनं बोलून गेलो, "थेट बघू नका हं. नजर थोडी बाजूला ठेवा."

टीचर भिंगापाशीच हसल्या. "मला थेट बघता येतंच कुठे?"

जी युक्ती मी वर्षानुवर्षं लोकांना शिकवत होतो, ती या बाईंच्या रोजच्या बघण्यातच मुरलेली होती, आणि ते माझ्या डोक्यात आलंच नव्हतं. त्या एक डोळा लावून, मान जराशी कलती करून बसल्या. बराच वेळ. मागचे लोक चुळबुळायला लागले. मग त्या वर्गात फळ्यावरचं वाचून दाखवावं तसं बोलायला लागल्या.

"मधे उजेडाचा गोळा आहे. त्याच्या दोन्ही बाजूंना लांबट धुरासारखं पसरलंय. गोळ्याच्या एका अंगाला अगदी जवळ एक बारीक, गोल, कापसाच्या बोंडासारखं. आणि दुसऱ्या अंगाला, जरा लांब, अजून एक आहे. लांबट. फार फिकट. ते काय?"

देवयानीजवळ दोन छोट्या दीर्घिका आहेत, तिच्या पदराला धरून असल्यासारख्या. त्यांतली एक लहान पण ठळक, ती दिसते. दुसरी मोठी पण इतकी फिकट की थोडा जरी उजेड असला तरी हरवते. गेली दोन वर्षं मी ती बघितली नव्हती. मी ती दाखवायचंच सोडून दिलं होतं. आता इथून ती दिसत नाही, दिव्यांनी खाल्ली, असं सगळ्यांना सांगायचो. वर्तमानपत्रातही तसं एकदा लिहिलं होतं.

"टीचर, कुठल्या बाजूला म्हणालात?"

त्यांनी सांगितलं. बाजू बरोबर होती. ती बाजू त्यांना ठाऊक असायचं काहीच कारण नव्हतं.

मी भिंगाला डोळा लावला. गोळा दिसला, बोंड दिसलं. पलीकडे काळं. नजर बाजूला केली. काळं. नळीला बोटानं हलकी टिचकी मारली, कारण प्रतिमा थरथरली की मंद गोष्ट कधी कधी लक्षात येते. काहीच नाही.

ग्रुपमधला एक जण मागून हळूच म्हणाला, "आजींना भास होत असेल, काका."

त्यांच्यातलीच एक मुलगी पुढे आली. तिनं डोळा लावला, टीचर म्हणाल्या तशी मान कलती केली. थोड्या वेळानं म्हणाली, "आहे. अगदी पुसट आहे, पण आहे." मग आणखी दोघांना दिसली. ज्यानं भासाचं म्हटलं होतं त्यालाही दिसली, आणि तो मला दाखवायला लागला, "अहो, हे काय, इथे."

दुर्बीण माझी, आरसा माझ्या हातानं पुसलेला, आणि त्या मैदानावर ती न दिसलेला मी एकटा.

मी 'हो, हो, दिसली' म्हटलं आणि दुर्बीण कृत्तिकांवर वळवली. परतीच्या वाटेवर सुषमा पेंगत होती. टीचर पुढे माझ्या शेजारी बसल्या होत्या, खुशीत. रोह्याला उतरताना म्हणाल्या, "तुला नाही दिसली ना?"

"तुम्हाला कसं कळलं?"

"शिक्षिका होते. हो-हो म्हणणारी पोरं ओळखू येतात. डोळे तपासून घे."

पेणला घरी येईपर्यंत माझ्या डोक्यात एकच गोष्ट फिरत होती. किती महिने मी लोकांना आठवणीतून आकाश दाखवत होतो? देवयानी कुठे असते हे हाताला पाठ आहे. कन्या राशीतल्या दीर्घिकांचा पुंजका, सिंहाच्या पोटाखालची तिकडी, सप्तर्षींच्या वरची जोडी, सगळं हातालाच ठाऊक. नळी वळवायची, 'हे बघा' म्हणायचं. मी स्वतः शेवटचं कधी बघितलं होतं? आणि दोष सगळा हायवेला, गोदामाला, कारखान्यांना.

पेणमधल्या डोळ्यांच्या डॉक्टरांनी दोन मिनिटांत सांगितलं. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, उजव्यात जास्त. उजवा म्हणजे माझा भिंगाला लावायचा डोळा. कंपनीतल्या फिटरला त्याच्या उजव्या हाताचं जे वाटेल ते मला त्या डोळ्याचं वाटतं. "ऑपरेशन करून टाका," डॉक्टर म्हणाले, "आता काही विशेष नसतं त्यात." लोकांच्या डोळ्यांत काही विशेष नसेल. मी घाबरलो. हंगाम ऐन भरात होता, बुकिंगं घेतलेली होती. पावसाळ्यात करू, असं ठरवून टाकलं. बायको रागावली, मी गच्चीवर जाऊन बसलो. तिथूनही खाली आलो. त्या आठवड्यात मी एका जागी कुठेच टिकलो नाही. एका शाळेच्या कार्यक्रमात एका मुलानं विचारलं, "काका, तुम्ही आधी बघून मग आम्हाला का नाही दाखवत?" त्यानं सहजच विचारलं होतं.

टीचरचा फोन आला. "केलंस का?"

"पावसाळ्यात करीन म्हणतोय. हत्यार आहे ते माझं, टीचर. बिघडलं तर?"

मग त्या म्हणाल्या, "तुझा पडदा चांगला आहे ना? खराब आहे ती फक्त पुढची काच. ती बदलून मिळते. माझा पडदा गेलाय, तो कुठे बदलून मिळत नाही. मिळत असता तर मी तुझ्यासारखी पावसाळ्याची वाट बघितली नसती."

त्या आवाज चढवून बोलल्या नव्हत्या. मी दुसऱ्या दिवशी बुकिंगं रद्द केली. दोघांनी समजून घेतलं, एकानं शिव्या दिल्या. आठवड्याभरात उजव्या डोळ्याचं ऑपरेशन झालं.

पट्टी निघाली तेव्हा पहिली गोष्ट दिसली ती म्हणजे दवाखान्याची भिंत निळी होती. मी ती आधी पाहिली होती आणि मळकट पिवळी समजलो होतो. घरी आल्यावर बायकोच्या साडीचा रंग, परसातल्या बादलीचा रंग, सगळंच कुणीतरी बदलल्यासारखं. डॉक्टरांनी सांगितलेली मुदत मी मुकाट्यानं काढली. आयुष्यात पहिल्यांदा मी कुणी सांगितलं तेवढं थांबलो.

मग एका अंधाऱ्या संध्याकाळी एकटाच दुर्बीण घेऊन रोह्यापलीकडे चणेऱ्याच्या बाजूला गेलो. देवयानी पश्चिमेला झुकलेली होती. नळी वळवली, डोळा लावला. ती फिकट दीर्घिका तिथे होती. टिचकी मारावी लागली नाही. नजर बाजूला केली तर तिची कडसुद्धा जाणवली. मी पुष्कळ वेळ बघत राहिलो. मग मान वर करून पुरं आकाश बघितलं आणि दुसरी गोष्टही कळली. आकाशाच्या कडेला उजेडाचा पट्टा होता, नव्या डोळ्याला तो आधीपेक्षा जास्तच टोचत होता. रोह्याकडचा, नागोठण्याकडचा, आणि कुठकुठचा. म्हणजे दिवे खरोखर वाढले होते. मी त्यांच्याबद्दल खोटं बोलत नव्हतो, पण पुरतं खरंही बोलत नव्हतो. निम्मा काळोख आकाशातून गेला होता, निम्मा माझ्या डोळ्यात आला होता.

टीचरना तिथूनच फोन केला. लागला नाही. तिकडे रेंज कमी असते.

त्या निघायच्या दोन दिवस आधी मी रोह्याला गेलो. शनिवार होता, दिवस मावळत होता. घरात सगळीकडे बांधाबांध झालेली, पण दिवा नाही. सुषमा ओट्यावर बसली होती. "परसात हायत टीचर," ती म्हणाली. "दिवा नाय लावायचा आता. त्यांचा शनवार हाय."

टीचर परसदारी खुर्चीत बसल्या होत्या. मी त्यांना चणेऱ्याचं सांगितलं. त्यांनी मान हलवली, पुन्हा पुन्हा विचारून सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "आत्ता कुठे असेल ती?"

"त्या फणसाच्या वर. अजून उजेड आहे, दिसणार नाही."

त्यांनी फणसाच्या जरा डावीकडे तोंड केलं आणि थोडा वेळ तशाच राहिल्या. मग म्हणाल्या, "चहा विचारला नाही म्हणून रागावू नकोस. आमच्यात शुक्रवारी संध्याकाळपासून विस्तव पेटवायचा नाही. शनिवारी आकाशात तीन तारे दिसले की सुटका. लहानपणी आम्ही पाच भावंडं, आणि तारे मोजायचं काम माझं. सगळे भुकेनं माझ्या तोंडाकडे बघत बसायचे. आता मोबाईलमध्ये वेळ येते, सुषमा सांगते. पण आज तू आलायस. आज तू मोज."

मी वर बघितलं. "एक दिसला."

"कोण?"

"गुरू."

"तो ग्रह. ग्रह चालत नाही."

मी पुन्हा बघायला लागलो. व्याध आधी आला. दक्षिणेला, घरांच्या कौलांवर, अगस्त्य लुकलुकला. "दोन," मी म्हटलं. गल्लीतून एक स्कूटर गेली. कुठेतरी कुकरची शिट्टी झाली. एरवी पाय आपोआप उचलले जाऊन मी गच्ची शोधायला निघालो असतो, पण त्या संध्याकाळी मी त्यांच्या शेजारी पायरीवर बसून राहिलो.

तिसरा डोक्यावर ब्रह्महृदय. तो मला दिसला, लखलखीत, आणि मी तोंड उघडलं नाही. तीन म्हटलं की दिवे लागणार होते, उरलेलं सामान बांधायला घेतलं जाणार होतं. मी वर बघत राहिलो, अजून शोधतोय असं दाखवत.

बऱ्याच वेळानं म्हटलं, "तीन. दिसला, टीचर."

"मला मघाशीच दिसला," त्या म्हणाल्या. त्या माझ्याकडे बघत नव्हत्या, म्हणजे माझ्याकडेच बघत होत्या. "तू का थांबलायस, तेच बघत होते."

मग खुर्चीच्या हाताला धरून त्या उठल्या आणि आत तोंड करून हाक मारली, "सुषमा गो, लाव दिवा. आणि चहा टाक, तिघांचा."